दुखरा खांदा आणि दुर्बिणीचा धंदा

डोकेदुखीची एक नवी गोळी या देशात विकायची असेल, तर तिला आधी दिव्यातून जावे लागते. २०१९ च्या नवी औषधे व क्लिनिकल चाचण्यांच्या नियमांखाली केंद्रीय औषध नियंत्रकांपुढे कागदांचे गठ्ठे ठेवावे लागतात. टप्प्याटप्प्याने माणसांवर चाचण्या घेऊन ती गोळी गुण देते की नाही, ते आकड्यांनी दाखवावे लागते. आणि त्याच देशात जित्याजागत्या माणसाला भूल देऊन, त्याच्या खांद्याला भोके पाडून, आतले हाड फिरत्या कानशीने तासून काढायचे असेल तर? तर काहीही सिद्ध करावे लागत नाही! ऑपरेशन थिएटर, दुर्बीण, हाड तासणारा बर आणि रुग्णाची सही, एवढ्यावर काम भागते. त्या तासण्याने दुखणे खरोखर जाते का, असा सवाल कोणतेही सरकारी खाते विचारत नाही. औषधाच्या पाठीमागे पोलीस आणि सुरीला मात्र मोकळे रान, असा हा उरफाटा न्याय आहे. या न्यायाचा बळी म्हणून आज आम्ही माणसाचा खांदा वाचकांपुढे ठेवतो आहोत.

खांद्याच्या ज्या दुखण्याला डॉक्टर मंडळी ‘इम्पिंजमेंट’ म्हणतात, ते चाळिशी-पन्नाशी ओलांडलेल्या माणसांच्या कोणत्याही घरात ओळखीचे आहे. हात खाली लोंबत असेपर्यंत सारे ठीक असते. तो बाजूने वर न्यायला लागले की खांद्याच्या उंचीला येताच अशी कळ येते की डोळ्यांत पाणी उभे राहते. वेणी घालताना हात वर ठरत नाही. माळ्यावरचा डबा काढवत नाही. लोकलची कडी धरवत नाही. गिलावा करणारा गवंडी आणि छत रंगवणारा रंगारी यांची तर रोजंदारीच बुडते. रात्री त्या कुशीवर वळले की झोप मोडली म्हणून समजा. दुखणे खरे आहे, चिवट आहे आणि ज्याचे त्यालाच ठाऊक आहे. म्हणूनच त्या दुखण्याला कंटाळलेला माणूस कोणी काही सांगितले तरी तयार होतो. त्याच्या या अगतिकतेवरच आजचा आमचा सगळा राग उभा आहे.

ही शस्त्रक्रिया आली कुठून? फऱ्याच्या हाडाचा एक भाग खांद्याच्या सांध्यावर छपरासारखा पुढे आलेला असतो. त्याला म्हणतात अक्रोमियन. हात उचलणाऱ्या स्नायूंची टोके, म्हणजे रोटेटर कफ, या छपराखालून जातात. मध्ये बर्सा नावाची एक पातळ पिशवी असते. १९७२ साली न्यूयॉर्कचे शल्यविशारद चार्ल्स नीअर यांनी फऱ्यांची शंभर हाडे तपासून आणि आपल्या रुग्णांचे अनुभव जोडून असे मांडले की, छपराच्या पुढच्या कडेवर हे स्नायूंचे टोक घासते, म्हणून खांदा दुखतो. मग करायचे काय? ती कड तासायची आणि जागा करून द्यायची. १९८३ साली तर त्यांनी स्नायूचे टोक फाटण्याच्या शंभरांतल्या पंचाण्णव प्रसंगांचे खापर या घासण्यावर फोडले. १९८६ साली बिग्लियानी आणि सहकाऱ्यांनी छपराच्या हाडाचे सपाट, बाकदार आणि आकड्यासारखे असे तीन प्रकार पाडले, आणि १९८७ साली एलमन यांनी हेच तासकाम दुर्बिणीतून करण्याची रीत छापली. झाले! जे काम करायला पूर्वी खांदा उघडावा लागे, ते दोन-तीन भोकांतून होऊ लागले.

नीअर यांच्या हेतूविषयी शंका घेण्याचे कारण नाही. त्यांची उपपत्ती ऐकायला सोपी होती, चित्र काढून दाखवता येत होती आणि शहाण्यासुरत्या माणसाला पटत होती. फक्त तिच्या पोटात एक मोठी उणीव होती. हाड तासलेल्या रुग्णांशी ताडून पाहायला हाड न तासलेले रुग्ण त्यात नव्हते! आणि ही उणीव भरून काढण्याआधीच साऱ्या जगाने तासायला सुरुवात केली. इंग्लंडात २००० साली अशा शस्त्रक्रियांची संख्या अडीच हजारांच्या आसपास होती. २०१० साली ती २१,००० च्या पुढे गेली. दहा वर्षांत इंग्रजांचे खांदे आठपटीने बिघडले, असे कोणाला म्हणायचे आहे काय? खांदे होते तसेच होते. वाढल्या त्या दुर्बिणी, आणि दुर्बीण घेतली की ती चालली पाहिजे, हा बाजाराचा पहिला नियम आहे.

शेवटी ज्यांनी सुरी धरली होती त्यांच्यातच काही माणसे अशी निघाली की त्यांना झोप येईना. ऑक्सफर्ड विद्यापीठातले डेव्हिड बिअर्ड आणि अस्थिशल्यविशारद अँड्र्यू कार यांच्या चमूने ठरवले की, एकदाचा सोक्षमोक्ष लावायचा. ब्रिटनमधली ३२ रुग्णालये, ५१ शल्यविशारद आणि ३१३ रुग्ण. रुग्णही कसे, तर तीन महिन्यांहून अधिक काळ दुखत असलेले, व्यायाम करून थकलेले, किमान एक स्टेरॉइडचे इंजेक्शन खांद्यात घेऊन झालेले. म्हणजे आपल्याकडे ज्यांना ‘आता ऑपरेशनशिवाय गत्यंतर नाही’ असे सांगितले जाते, नेमके तेच. चिठ्ठ्या टाकाव्यात तशा रीतीने त्यांचे तीन गट केले. पहिल्या गटाचे हाड रीतसर तासले. दुसऱ्या गटाला तीच भूल, तीच भोके, तीच दुर्बीण; सांधा आतून पाण्याने धुतला, सगळीकडे फिरून पाहिले, आणि हाडाला बोटही न लावता टाके घालून बाहेर आणले. कोणाचे हाड तासले आणि कोणाची नुसती पाहणी झाली, हे या दोन गटांतल्या रुग्णांना सांगितलेले नव्हते. तिसऱ्या गटाला काहीच केले नाही, फक्त तपासणीसाठी पुन्हा बोलावले.

या प्रयोगाचा निकाल २०१७ च्या नोव्हेंबरात ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय पत्रिकेने प्रसिद्ध केला. खांद्याची अवस्था मोजण्याची ऑक्सफर्डची एक ४८ गुणांची पट्टी आहे. गुण जितके जास्त तितका खांदा बरा. सहा महिन्यांनंतर हाड तासलेल्यांना मिळाले सरासरी ३२.७ गुण. नुसती दुर्बीण घातलेल्यांना ३४.२! म्हणजे ज्यांच्या खांद्यात दुर्बीण नुसती हवापाण्याला जाऊन आली, ते काकणभर वरच राहिले. हा दीड गुणाचा फरक योगायोगाचा आहे आणि त्यावरून खोटे ऑपरेशन खऱ्याहून सरस ठरत नाही, हे आम्हाला कळते. पण खरे ऑपरेशन खोट्याहून सरस ठरत नाही, हे तर सूर्यप्रकाशाइतके लख्ख झाले ना? आणि ज्यांना काहीच केले नाही, त्यांचे गुण किती? २९.४. तेही आधीपेक्षा सुधारलेच होते. ऑपरेशन करणे आणि न करणे यांतला फरक तीन-चार गुणांचा; रुग्णाला जाणवेल असा फरक किमान साडेचार गुणांचा हवा, असे प्रयोग सुरू होण्यापूर्वीच ठरले होते.

यावर इंग्लंडातल्या शल्यविशारदांनी आक्षेप घेतले, आणि त्यांतला एक वजनदार होता. सरकारी रांगांमुळे अनेक रुग्णांना सहा महिन्यांत नेमून दिलेले ऑपरेशन मिळालेच नव्हते. मग तुलना खरी कशी मानायची? ज्यांना प्रत्यक्ष जे मिळाले त्याप्रमाणे मांडणी करून पाहिली, तरी चित्र बदलले नाही. आणि तोवर फिनलंडने दुसरा दणका दिला. तिथल्या तीन सरकारी रुग्णालयांत २१० रुग्णांवर असाच प्रयोग झाला. हाड तासणे, नुसती दुर्बीण आणि देखरेखीखालचा व्यायाम. सहा महिने नव्हे, पुरी दोन वर्षे त्यांच्यावर नजर ठेवली. २०१८ च्या जुलैत ‘बीएमजे’ या वैद्यकीय पत्रिकेने निकाल छापला. दोन्ही ऑपरेशनवाल्यांचे दुखणे चांगलेच कमी झाले होते, आणि सारखेच कमी झाले होते! पुढे पाच वर्षांनी पाहिले, तरी तेच. दोन देश, दोन भाषा, दोन आरोग्यव्यवस्था, उत्तर एक.

मग २०१९ च्या जानेवारीत चाचण्यांचे आढावे घेणाऱ्या कॉक्रेन संस्थेने आठ चाचण्यांतल्या हजाराहून अधिक रुग्णांचा ताळा मांडला, आणि फेब्रुवारीत ‘बीएमजे’च्या तज्ज्ञमंडळाने अशा दुखण्यात ही शस्त्रक्रिया करू नये, अशी ठाम शिफारस केली. ‘बहुधा’ नाही, ‘शक्यतो’ नाही, ठाम. त्या मंडळात खांदेदुखी भोगलेले रुग्णही बसले होते. फायदा शून्याच्या घरात आणि तोटा मात्र खरा: हजारांतल्या बाराएक जणांना ऑपरेशननंतर जास्तीचा आखडलेला खांदा मिळतो, शिवाय भुलीची आणि जंतुसंसर्गाची जोखीम, आणि आठवड्यांची सुटी. इंग्लंडच्या सरकारी आरोग्यसेवेने तर २०१८ सालीच अंधाधुंद करू नयेत अशा १७ उपचारांची यादी काढली आणि तीत या शस्त्रक्रियेला निकषांच्या कुंपणात बसवले.

आता यावर आमच्याकडचे उत्तर ठरलेले आहे. “ते प्रयोग राहू द्या हो. आमचे पेशंट बरे होतात!” डॉक्टरसाहेब, बरे होतात, हे आम्ही अमान्य केलेलेच नाही! ज्यांच्या खांद्यात दुर्बीण नुसती फिरून आली, तेही बरे झाले. माणूस डॉक्टरकडे जातो तो दुखणे कळसाला पोचल्यावर. त्यानंतर ते काही काळाने आपसूक उतरणीलाच लागते. ऑपरेशन झाले म्हणून तो हाताला विश्रांती देतो, घरची माणसे जड पिशवी हातातून काढून घेतात, पुढे फिजिओथेरपी होते, आणि ‘एवढा खर्च केला तो फुकट कसा जाईल’ हा विश्वास तर भल्याभल्या गोळ्यांना मागे टाकतो. हे सारे पुण्य तासलेल्या हाडाच्या खात्यावर जमा करणे म्हणजे कोंबडा आरवला म्हणून उजाडले असे म्हणणे होय. हृदयाच्या कळांवर छातीतली एक धमनी बांधून टाकण्याची शस्त्रक्रिया एके काळी अमेरिकेत फार नावाजली होती. १९५९ साली लिओनार्ड कॉब यांनी काहींची धमनी खरोखर बांधली आणि काहींच्या छातीवर नुसता छेद घेतला. दोघांनाही सारखेच बरे वाटले आणि ती शस्त्रक्रिया इतिहासजमा झाली. खऱ्या-खोट्या शस्त्रक्रियांच्या अशा ५३ प्रयोगांचा आढावा २०१४ साली ‘बीएमजे’त आला होता. त्यांतल्या निम्म्या प्रयोगांत खरी शस्त्रक्रिया खोटीला हरवू शकली नाही! सुरीची परीक्षा घ्यायलाच हवी, हे सांगायला आणखी कोणता पुरावा आणायचा?

पण आमच्या शहरांतल्या काही दवाखान्यांत ही वार्ता पोचलेली दिसत नाही. किंवा पोचली आणि दाराबाहेर बसवून ठेवली. तिथे काय चालते ते पाहा. खांदा दुखतो म्हटले की नीट तपासणी होण्याआधी एमआरआयची चिठ्ठी हातात पडते. रिपोर्ट इंग्रजीत येतो. सुप्रास्पायनेटस टेंडिनोसिस, पार्शियल टेअर, सबअक्रोमियल बर्सायटिस, टाइप टू अक्रोमियन. प्रत्येक शब्द ठळक टायपात आणि प्रत्येक शब्द धडकी भरवणारा. डॉक्टर फिल्म दिव्यावर लावतात आणि पेनचे टोक टेकवून म्हणतात, “हे बघा काका, इथे घासतंय. इथे जागाच उरलेली नाही.” काकांना त्या काळ्यापांढऱ्या ढगांत काही म्हणता काही दिसत नाही, पण ते मान हलवतात. “घाबरायचं कारण नाही. दुर्बिणीतून करू. दोन भोकं, दोन टाके, दुसऱ्या दिवशी घरी.” काकू विचारतात, नाही केले तर? उत्तर येते, “मग पुढे फाटेल, आणि मग माझ्या हातात काही राहणार नाही.” संपले! या एका वाक्यापुढे महाराष्ट्रातला कोणता पेन्शनर टिकणार?

आता त्या ठळक टायपातल्या शब्दांची किंमत सांगतो. १९९५ साली अमेरिकेत, ज्यांचा खांदा मुळीच दुखत नव्हता अशा ९६ माणसांचे एमआरआय काढले. त्यांतल्या ३४ टक्के माणसांच्या रोटेटर कफला कुठे ना कुठे फाट होती, आणि साठीपुढच्यांत तर ५४ टक्क्यांच्या. २०११ साली चाळीस ते सत्तर वयाच्या ५१ धडधाकट खांद्यांच्या पुरुषांची सोनोग्राफी केली. ९६ टक्क्यांच्या खांद्यात काही ना काही ‘दोष’ निघाला. वयाबरोबर केस पांढरे होतात, त्याला आपण रोग म्हणत नाही. मग खांद्यातल्या झिजेला रोग म्हणून, त्या रोगाला ऑपरेशन नेमून देणारे शास्त्र कोणते? रोग रेड्याला आणि औषध पखालीला, एवढीच ही कथा!

या साऱ्यात पैशाची वाट कशी वाहते, हेही उघड बोलले पाहिजे. आमच्याकडचा नेहमीचा आरोग्यविमा दवाखान्यात भरती झालेल्या माणसाला पैसे देतो. खासगी रुग्णालयात दुर्बिणीचे ऑपरेशन केले तर बिल सहज लाखाच्या घरात जाते आणि ते कॅशलेसने भागते. पण तीन महिने फिजिओथेरपिस्टकडे जाऊन व्यायाम शिकायचा म्हटला, तर बहुतेक पॉलिसी हात वर करतात. बाह्यरुग्ण उपचार बसत नाही म्हणे! आणि मौज पाहा, हीच फिजिओथेरपी ऑपरेशनच्या शेपटाला धरून आली, तर डिस्चार्जनंतरच्या खर्चाच्या कलमात बसते. म्हणजे निरुपयोगी कामाला लाख रुपये, उपयोगी कामाला दमडी नाही, आणि उपयोगी काम निरुपयोगी कामाच्या मागून आले तर चालेल! ही व्यवस्था कोणा एका लबाडाने रचलेली नाही, हे आम्ही जाणतो. पण ती अशी आहे की सरळ माणसानेही तिच्यात वाकडे चालावे. पॉलिसीचा हप्ता भरणाऱ्या लाखो नोकरदारांच्या खिशातून हे लाख रुपये येतात, हे विमा कंपन्यांना कळत नसेल, यावर आमचा विश्वास नाही. हप्ते वाढवले की त्यांचे भागते.

आणि कट प्रॅक्टिस? तिचे नाव काढले की वैद्यकीय संघटनांच्या नाकाला मिरच्या झोंबतात. रुग्ण पाठवण्याबद्दल कमिशन घेणे-देणे वैद्यकीय आचारसंहितेच्या २००२ च्या नियमांनी स्पष्ट शब्दांत निषिद्ध ठरवलेले आहे. महाडच्या डॉ. हिम्मतराव बावस्कर यांनी आपल्याला घरपोच आलेल्या कमिशनच्या चेकची जाहीर तक्रार केली, तेव्हा साऱ्या महाराष्ट्राने ती ऐकली. २०१७ साली सरकारने मोठा गाजावाजा करून निवृत्त पोलीस महासंचालक प्रवीण दीक्षित यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली, कट प्रॅक्टिसविरोधी कायद्याचा मसुदा तयार केला, लोकांकडून सूचना मागवल्या. नंतर? नंतर तो मसुदा मंत्रालयाच्या कपाटात सुखाने झोपी गेला. मंत्री बदलले, सरकारे बदलली, कपाटाची किल्ली मात्र कोणाला सापडली नाही!

बावस्करांचे नाव निघालेच आहे, तर एक गोष्ट ठणकावून सांगतो. “असले प्रयोग इंग्लंड-फिनलंडने करावेत, आपल्याकडे ते कुठे जमायचे?” असे जे म्हणतात, त्यांनी महाडकडे पाहावे. कोकणात विंचू चावून पोरे मरत होती. बावस्करांनी त्या रुग्णांच्या खाटेशी बसून नोंदी ठेवल्या, प्राझोसिन या औषधाचा उपयोग दाखवला, ‘लॅन्सेट’ने तो छापला, आणि २०११ साली विंचवाच्या प्रतिविषाची व प्राझोसिनची चिठ्ठ्या टाकून केलेली चाचणी त्यांनी ‘बीएमजे’त प्रसिद्ध केली. ज्या पत्रिकेत फिनलंडचा खांदा छापून आला, त्याच पत्रिकेत महाडचा विंचू छापून आलेला आहे! तालुक्याच्या गावात, आणीबाणीतल्या रुग्णांवर एक डॉक्टर हे करू शकतो, आणि संगमरवरी लॉबीच्या, परदेशी मशिनरीच्या, पंचतारांकित रुग्णालयांना सहा महिन्यांनी रुग्णाला एक फोन करून “खांदा कसा आहे?” विचारता येत नाही? येते. विचारायचे नाही, एवढेच. झाकली मूठ सव्वा लाखाची!

कोणी आमच्या शब्दांचा विपर्यास करू नये म्हणून इथे थोडे थांबतो. खांद्याची प्रत्येक दुर्बीण थोतांड आहे, असे आम्ही म्हटलेले नाही. वारंवार निखळणारा खांदा, पडल्यावर एकाएकी फाटून हात उचलेनासा झालेला रोटेटर कफ, सांध्यात झालेला पू, यांची गोष्ट वेगळी आहे. तिथे निष्णात शल्यविशारदाची गरज असते आणि उशीर महागात पडतो. खांद्याला मार लागल्यावर हात उचलेनासा झाला, दुखण्याबरोबर ताप आणि सूज आली, पूर्वी कॅन्सर होऊन गेला असेल, किंवा डाव्या खांद्याबरोबर छातीत दडपण आणि घाम आला, तर व्यायाम करत बसू नये, दवाखाना गाठावा. मधुमेह असलेल्यांचा खांदा पुष्कळदा आखडतो, तो ‘फ्रोझन शोल्डर’ वेगळा. त्यात दुसऱ्याने धरून फिरवला तरी हात बाहेरच्या बाजूला वळत नाही. हे ओळखायला एमआरआय लागत नाही. डॉक्टरांनी खुर्चीवरून उठून रुग्णाच्या खांद्याला हात लावावा लागतो, आणि तेवढेच नेमके दुर्मिळ झाले आहे.

ज्यांना असे काही झालेले नाही, त्यांच्यासाठी उपाय काय? काखेत कळसा आणि गावाला वळसा! कोपर बरगडीला चिकटवून, काखेत गुंडाळलेला टॉवेल धरून, दाराच्या कडीला अडकवलेला रबरी पट्टा हळूहळू बाहेर ओढायचा. काठी दोन्ही हातांत धरून चांगल्या हाताने दुखऱ्याला वर न्यायचे. भिंतीवर बोटे चढवायची. थोडे दुखले तरी चालते, पण दुसऱ्या दिवशी वाढून राहता कामा नये. गवंड्याने आणि रंगाऱ्याने काही आठवडे डोक्यावरचे काम कमी करायचे, हे सांगणे सोपे आणि त्याचे हातावरचे पोट पाहता कठीण आहे, हे आम्हाला माहीत आहे. पण ऑपरेशननंतर त्याचे काम त्याहून जास्त दिवस सुटते, हे त्याला कोण सांगते? व्यायामाचा गुण यायला दोन-तीन महिने लागतात आणि या दोन-तीन महिन्यांत माणसाचा धीर सुटतो. नेमक्या त्याच वेळी त्याला ‘झटपट’ दुर्बीण दाखवली जाते.

फिजिओथेरपीवाल्यांनीही गालात हसू नये. खांद्यावर मेणाचा शेक, अल्ट्रासाउंडचा गोळा, करंटच्या चकत्या, आणि ‘दहा सिटिंगचे पॅकेज’ हा जो प्रकार चालतो, त्याच्यामागे पुराव्याचे बळ फार थोडे आहे. २०२१ साली ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या ७०८ रुग्णांच्या ब्रिटिश चाचणीत फिजिओथेरपिस्टकडच्या सहापर्यंत बैठका आणि एकाच बैठकीत नीट समजावून शिकवलेला घरचा व्यायाम, यांत वर्षभराने म्हणण्यासारखा फरक दिसला नाही. म्हणजे उत्तम उपचार जवळजवळ फुकट आहे! एक तास बसवून, समजेल अशा मराठीत सांगणारा माणूस पाहिजे. तो तालुक्याच्या ग्रामीण रुग्णालयात असावा, अशी मागणी करायला आमदारांना वेळ नाही. नव्या मशिनरीच्या उद्घाटनाची फीत कापायला आहे.

राहता राहिली रुग्णाची सही. समीरा कोहली विरुद्ध डॉ. प्रभा मनचंदा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १६ जानेवारी २००८ रोजी निकाल दिला. तीही गोष्ट दुर्बिणीचीच होती. तपासणीची दुर्बीण म्हणून भूल दिलेल्या बाईंचे गर्भाशय आणि अंडाशय त्यांच्या संमतीवाचून काढून टाकले होते. न्यायालयाने खडसावून सांगितले की, संमती म्हणजे सही नव्हे. उपचाराचे स्वरूप काय, त्याचा हेतू व फायदा काय, दुसरा पर्याय कोणता, मोठे धोके कोणते आणि उपचार नाकारला तर काय होईल, हे रुग्णाला कळले पाहिजे. आता आमचा सवाल. खांद्याच्या या ऑपरेशनचा फायदा नुसत्या दुर्बिणीहून अधिक आढळलेला नाही, ही गोष्ट ज्याला सांगितली नाही, त्याच्या सहीला संमती म्हणायचे कसे? उपवासाने भुकेला, सलाईन लावलेला, स्ट्रेचरवर आडवा झालेला माणूस इंग्रजी छापील कागदावर जिथे फुली केली असेल तिथे सही करतो. कायद्याच्या डोळ्यांत ती सही रद्दीच्या भावाची आहे, आणि हे ज्या दिवशी एखाद्या ग्राहक आयोगापुढे कोणी रुग्ण उभा राहून म्हणेल, त्या दिवशी अनेकांची पळापळ होईल.

म्हणून सरकारला आणि महाराष्ट्र वैद्यक परिषदेला आमचे सांगणे आहे. शुश्रूषागृह नोंदणीच्या नियमांत २०२१ साली रुग्णहक्कांची सनद आणि दरपत्रक भिंतीवर लावण्याची सक्ती झाली. त्या भिंतीवर आणखी एक कागद मावेल. जिथे ही शस्त्रक्रिया होते तिथे वर्षात किती झाल्या आणि वर्षभराने किती जणांचे खांदे दुखत राहिले, हे जाहीर करायला लावा. कॅशलेसची मंजुरी देण्याआधी तीन महिन्यांच्या व्यायामाची नोंद मागा आणि त्या व्यायामाचे पैसे विम्यातून द्या. कपाटातला मसुदा बाहेर काढा. आणि हे सारे करायला तुमच्या समित्यांना वर्षे लागणार असतील, तर उद्या सकाळी होण्याजोगे एकच काम करा. या शस्त्रक्रियेच्या संमतीपत्रावर, वरच्या बाजूला, ठळक मराठीत एवढे छापायला लावा: ‘हाड तासण्याच्या या ऑपरेशनचा गुण नुसती दुर्बीण घालून बाहेर काढण्यापेक्षा अधिक येतो, असे चाचण्यांत आढळलेले नाही.’ त्या ओळीखाली आधी डॉक्टरांनी सही करावी, मग रुग्णाने.